कात्रीने सांगितलेली सिंड्रेला

‘आशेनपुटेल’ हा १९२२ साली जर्मनीत तयार झालेला मूकपट सिंड्रेलाच्या गोष्टीवर बेतलेला आहे. त्यात नटनट्या नाहीत आणि हाताने रेखाटलेली चित्रेही नाहीत. काळ्या कागदातून कातरलेल्या आकृती उजळ पार्श्वभूमीवर चालतात, नाचतात, भांडतात आणि पंधरा मिनिटांच्या आत गोष्ट पुरी होते. बर्लिनच्या लोटे रायनिगर या कलावतीने विशीतच केलेला हा चित्रपट. परीकथांचे ॲनिमेशन म्हटले की वॉल्ट डिस्नी यांचेच नाव पुढे येते. पण डिस्नी यांची प्रसिद्ध रंगीत सिंड्रेला पडद्यावर आली ती १९५० साली, म्हणजे या छायापटानंतर तब्बल २८ वर्षांनी.

चित्रपट उघडतो तो कात्रीवर. पडद्यावर हात दिसतात, हातांत कात्री दिसते, ती काळ्या कागदावरून फिरते आणि कागदातून नायिका बाहेर पडते. त्यानंतर तिची कथा सुरू होते. आपण पाहणार आहोत ते कागदाचे आहे, हे प्रेक्षकाला पहिल्याच दृश्यात सांगून टाकलेले असते. ॲनिमेशनच्या त्या सुरुवातीच्या काळात चित्रकाराचा हात पडद्यावर दाखवण्याची प्रथा अनेकांनी पाळली होती. पण तिथे तो हात बहुधा चमत्काराची जाहिरात करत असे. रायनिगर यांच्या कात्रीचे काम वेगळे आहे. कातरणे ही या चित्रपटाची कृती आहे आणि पुढे कथेतही कापण्याचा एक भयंकर प्रसंग येतो. पहिल्या दृश्यातली कात्री त्या प्रसंगाची तयारी करून ठेवते.

सिंड्रेलाची जी गोष्ट आज जगभर सांगितली जाते, ती मुख्यत्वे फ्रेंच लेखक शार्ल पेरो यांची. १६९७ साली प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या संग्रहात जादूगार धर्ममाता, भोपळ्याची बग्गी, उंदरांचे घोडे, मध्यरात्रीची मुदत आणि काचेचा बूट हे सगळे आहे. चित्रपटाला या कथेची ओढ फार लवकर लागली. पॅरिसचे जॉर्ज मेलिएस यांनी १८९९ सालीच तिच्यावर काही मिनिटांचा चमत्कारपट केला होता. त्यात नट होते आणि कॅमेऱ्याच्या करामतींनी वस्तू अदृश्य किंवा प्रकट होत होत्या. रायनिगर यांनी मात्र जर्मन घराघरांत वाचली जाणारी ग्रिम बंधूंची आवृत्ती निवडली. ती त्यांच्या लोककथासंग्रहाच्या १८१२ सालच्या पहिल्या खंडात प्रथम आली, पुढच्या आवृत्तीत वाढली आणि पेरो यांच्या कथेपेक्षा पुष्कळ कठोर आहे.

ग्रिम यांच्या कथेत धर्ममाता नाही, भोपळाही नाही. मुलीची आई मरते. जत्रेला निघालेला बाप लेकींना विचारतो, काय आणू? सावत्र बहिणी कपडे नि मोती मागतात, ही मुलगी मागते ती परतीच्या वाटेवर त्याच्या टोपीला पहिल्यांदा लागेल ती डहाळी. ती डहाळी आईच्या थडग्यावर लावली जाते, मुलीच्या आसवांवर तिचे झाड होते आणि त्या झाडावरचा पक्षी तिला हवे ते खाली टाकतो. सावत्र आई राखेत डाळ ओतून ती निवडायला बसवते, तेव्हा कबुतरे येऊन दाणे वेचून देतात. शेवटी सोन्याचा बूट पायात मावावा म्हणून एक बहीण अंगठा कापते, दुसरी टाच कापते. बुटातून ओघळणारे रक्त पक्षी राजपुत्राच्या नजरेस आणून देतात. त्या पुढच्या आवृत्तीत ग्रिम बंधूंनी शिक्षाही वाढवली: लग्नाच्या वेळी कबुतरे त्या बहिणींचे डोळे फोडतात. मदत मेलेल्या आईकडून येते आणि ती झाड नि पक्षी यांच्या रूपाने येते, हा या आवृत्तीचा गाभा आहे. काळ्या छायाकृतींना तो फार मानवतो, कारण फांद्या, पंख आणि माणसाचे हात या तिन्ही गोष्टी कात्रीला एकाच तऱ्हेने कातरता येतात आणि एकमेकींत मिसळूनही टाकता येतात.

लोटे रायनिगर यांचा जन्म २ जून १८९९ रोजी बर्लिनच्या शार्लोटेनबुर्ग भागात झाला. कागद कातरून आकृती करण्याची कला जर्मनीत जुनी होती. छायाचित्रण येण्यापूर्वी चेहऱ्याची बाजूची रेषा काळ्या कागदात कातरून घेणे हा तसबीर करवून घेण्याचा स्वस्त मार्ग होता आणि मध्यमवर्गीय घरांतल्या बायकामुलींची ती करमणूकही होती. रायनिगर यांना ही कला बालपणापासून अवगत होती. कातरलेल्या आकृतींचा सावल्यांचा खेळ करून त्या घरच्यांना शेक्सपिअरची नाटके दाखवीत. १९१५ साली नट व दिग्दर्शक पाउल वेगेनर यांचे ट्रिक-चित्रपटांच्या शक्यतांवरचे व्याख्यान त्यांनी ऐकले आणि मग या माणसाच्या जवळ पोहोचायचेच असे ठरवले. वेगेनर ज्या माक्स राइनहार्ट यांच्या नाट्यसंस्थेत काम करीत, तिच्या अभिनयवर्गात त्यांनी नाव घातले. तिथे त्या पडद्याआड उभ्या राहून नटांच्या छायाकृती कातरत असत आणि त्याच कातरकामाने वेगेनर यांचे लक्ष वेधले.

वेगेनर यांनी त्यांना ‘हामेलिनचा पुंगीवाला’ या १९१८ सालच्या चित्रपटात काम दिले. मजकुराच्या पाट्यांसाठी छायाकृती करणे हे एक काम, दुसरे उंदरांचे. पुंगीवाल्याच्या मागे गावातून निघालेली उंदरांची फौज दाखवायची होती आणि जिवंत प्राणी दिग्दर्शकाचे ऐकेनात. अखेर लाकडी उंदीर करून ते थोडे थोडे सरकवत, एकेक चौकट टिपत चालवावे लागले. रायनिगर यांचा चौकटीगणिक चित्रणाशी संबंध आला तो असा. वेगेनर यांनीच पुढे हान्स क्युर्लिस यांच्या बर्लिनमधल्या सांस्कृतिक संशोधन संस्थेशी त्यांची गाठ घालून दिली. प्रयोगशील चित्रपटांना तिथे जागा होती. १९१९ साली तिथे त्यांनी ‘प्रेमी हृदयाचे अलंकरण’ हा पहिला छोटा छायापट केला: दोन प्रेमिक आणि त्यांच्या मनःस्थितीप्रमाणे आकार बदलणारी एक नक्षी, एवढाच त्याचा विषय. याच संस्थेत कार्ल कोख भेटले. १९२१ साली दोघांचे लग्न झाले आणि पुढे चार दशके कोख हे त्यांच्या चित्रपटांचे तांत्रिक आधारस्तंभ राहिले. हान्स ख्रिस्तियन अँडरसन यांच्या कथेवरचा ‘उडती पेटी’ १९२१ साली झाला आणि १९२२ मध्ये ‘आशेनपुटेल’ व ‘निद्रिस्त सुंदरी’ या ग्रिम यांच्या दोन कथा झाल्या.

या चित्रपटांची कृती सांगायला सोपी, करायला अत्यंत चिकाटीची. प्रत्येक पात्र काळ्या जाड कागदाचे. डोके, मान, धड, दंड, कोपरापुढचा हात, पंजा, मांडी, पोटरी, पाऊल असे भाग वेगवेगळे कातरायचे आणि बारीक तारेने सांध्यांवर जोडायचे. कागद हलका असतो, काचेवर नीट बसत नाही, म्हणून काही भागांना शिशाच्या अतिपातळ पत्र्याचा आधार द्यायचा. ही आकृती काचेच्या टेबलावर आडवी ठेवली जाते. टेबलाखाली दिवा, वर खाली तोंड करून टांगलेला कॅमेरा. दिव्याचा प्रकाश काचेतून वर येतो, आकृती तो अडवते आणि फिल्मवर काळा आकार उमटतो. मग हात किंचित वर, मान किंचित वाकडी, एक चौकट. पुन्हा किंचित हालचाल, पुन्हा एक चौकट. मूकपटांच्या काळात सेकंदाला साधारण १६ ते २४ चौकटी पडद्यावरून सरकत. सोळाच धरल्या तरी दहा मिनिटांच्या चित्रपटाला ९,६०० चौकटी लागतात. पार्श्वभूमीसाठी पातळ पारदर्शक कागदांचे थर वापरले जात. जिथे एकच थर तिथे उजेड जास्त, जिथे तीन-चार थर तिथे करडी छटा गडद. अशा रीतीने दूरचे डोंगर फिके आणि जवळच्या भिंती गडद दिसत. पात्र जवळून दाखवायचे असेल तर तेच पात्र मोठ्या आकारात पुन्हा कातरावे लागे, कारण लहान आकृती जवळून पाहिली की तिच्या कडा आणि सांधे उघडे पडतात.

चौकटीगणिक चित्रण मराठी वाचकाला अनोळखी नाही. दादासाहेब फाळके यांनी १९१२ साली ‘अंकुराची वाढ’ हा लघुपट याच तत्त्वावर केला होता: कुंडीत वाटाणा पेरून ठरावीक अंतराने एकेक चौकट घेतली आणि पडद्यावर रोप भराभर वाढताना दाखवले. त्या चित्रणाच्या जोरावरच त्यांना ‘राजा हरिश्चंद्र’साठी भांडवल मिळवता आले. पुढे ‘आगकाड्यांची मौज’मध्ये त्यांनी काड्यांनाही चालवले. वाटाणा स्वतः वाढतो, त्याच्यासाठी फक्त वाट पाहायची असते. कागदी पात्राच्या बाबतीत वाढ, चाल, लचक, थबकणे हे सारे माणसाच्या बोटांतून यावे लागते.

सावल्यांच्या खेळाशी असलेले नातेही नीट समजून घ्यायला हवे. सिंधुदुर्गातल्या कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर समाजाने जपलेल्या चामड्याच्या बाहुल्यांच्या खेळात दिवा आणि पडदा यांच्यामध्ये बाहुली नाचवली जाते. नाचवणाऱ्याचा हात, कथा सांगणाऱ्याचा आवाज आणि प्रेक्षक एकाच वेळी एकाच ठिकाणी हजर असतात. रायनिगर यांनी आशियातल्या आणि युरोपातल्या अशा खेळांना आपले पूर्वज मानले, त्यांवर पुढे पुस्तकही लिहिले. पण त्यांच्या टेबलावर खरे तर सावली पडतच नाही. कॅमेरा आकृतीच टिपतो. शिवाय प्रत्येक चौकटीपूर्वी हात बाजूला होतो. बाहुलीच्या खेळात हालचाल चुकली तर पुढच्या क्षणी सावरून घेता येते. इथे तिसावी चौकट चुकली तर ती चूक फिल्म धुऊन पडद्यावर पाहीपर्यंत कळत नाही.

छायाकृतीची सर्वांत मोठी अडचण म्हणजे तिला चेहरा नसतो. डोळे पाणावलेले दाखवता येत नाहीत, ओठांवरचे हसू दाखवता येत नाही. फार तर नाकाची आणि हनुवटीची रेषा दाखवता येते. मूकपटात तर आवाजही नाही. म्हणून रायनिगर यांनी सगळा भार देहावर टाकला. नायिका सडपातळ, लांब बोटांची, वाकली तरी तोल न सोडणारी आहे. सावत्र बहिणींची शरीरे बेढब आणि हालचाली हिसक्यांच्या आहेत. त्या नटतात, मिरवतात, तेव्हा कातरलेल्या कागदातूनही त्यांचा हव्यास दिसतो. रायनिगर यांना बॅलेची मनापासून आवड होती आणि ती इथे कामी आली आहे. नायिकेचे दुःख मान खाली जाण्याच्या गतीतून कळते, पक्षी मदतीला आले की तिचे हात त्यांच्या पंखांच्या लयीत उचलले जातात. तेव्हाच्या पुष्कळ मूकपटांतला अभिनय आज अतिरंजित वाटतो. रायनिगर यांच्या आकृतींचा वाटत नाही. त्यांच्याकडे देहाखेरीज बोलण्याचे दुसरे साधनच नाही, हे पाहणाऱ्याने आधीच मान्य केलेले असते.

दुसरी लक्षात राहणारी गोष्ट चौकटीची. नेहमीच्या चित्रपटात प्रतिमा आयताकृती पडदा भरून टाकते. ‘आशेनपुटेल’मध्ये पडद्याचा बराच भाग काळा आहे आणि मधोमध वेड्यावाकड्या, कातरलेल्या कडांचे उजळ भोक आहे, त्या भोकात दृश्य घडते. दृश्य बदलले की भोकाचा आकार बदलतो. कुठे ते अरुंद होऊन नायिकेला कोंडून टाकते, कुठे रुंद होते. १९२० साली आलेल्या ‘डॉक्टर कालिगारीचे कपाट’ या चित्रपटाने वाकड्या भिंती आणि टोकदार सावल्यांचे नेपथ्य जर्मन पडद्यावर गाजवले होते. त्या अभिव्यक्तिवादी काळाची खूण या कातरलेल्या कडांवर आहे. मात्र रायनिगर यांना त्यातून निव्वळ भीती निर्माण करायची नव्हती. चित्राची चौकटसुद्धा कात्रीतून आली आहे, हे त्यांना दिसू द्यायचे होते.

आणि मग तो प्रसंग येतो. बूट मावत नाही म्हणून सावत्र बहीण आपल्या पायाचा तुकडा कापते. मुलांच्या पुस्तकांतून आणि नंतरच्या बहुतेक चित्रपटांतून गाळला गेलेला हा भाग रायनिगर यांनी ठेवला. खऱ्या नटीवर चित्रित झाला असता तर तो पाहवला नसता. रंगीत रेखाचित्रातही त्याचा किळस आला असता. इथे कापला जातो तो काळा कागद, आणि तरीही पाहणाऱ्याच्या अंगावर काटा येतो. सुरुवातीला ज्या कृतीने नायिकेला जन्म दिला, त्याच कृतीने इथे एक देह अधुरा होतो. ग्रिम यांच्या कथेतले क्रौर्य सौम्य न करता लहान मुलांसमोर ठेवण्याचा इतका नेमका मार्ग त्या काळात दुसऱ्या कोणाला सापडल्याचे दिसत नाही. बारकाईने कातरलेल्या वेलबुट्ट्यांचे कौतुक रायनिगर यांच्या वाट्याला भरपूर आले, पण या प्रसंगात दिसणारे धैर्य त्या कौतुकात अनेकदा झाकून गेले आहे.

योगायोग असा, की त्याच १९२२ साली अटलांटिकच्या पलीकडे, अमेरिकेतल्या कॅन्सस सिटीत, विशीतले वॉल्ट डिस्नी आपल्या ‘लाफ-ओ-ग्रॅम’ या नव्या कंपनीत याच तऱ्हेच्या परीकथा मूक व्यंगपटांत उतरवत होते. ‘लिटल रेड रायडिंग हूड’, ‘पुस इन बूट्स’ आणि ‘सिंड्रेला’ हे त्यांतले काही. तिथे परीकथा हे निमित्त होते. गोष्ट उचलून समकालीन अमेरिकेत आणून तिची गंमत करायची, अशी रीत होती. लाल टोपीवालीच्या गोष्टीत तर लांडग्याच्या जागी मोटारीतून येणारा माणूस आहे. कागदावर शाईने काढलेल्या रेषा, झटपट विनोद आणि मांजराचे चाळे यांवर हे चित्रपट उभे होते. वितरकाकडून पैसे मिळाले नाहीत, १९२३ साली कंपनी दिवाळखोरीत गेली आणि डिस्नी हॉलिवूडला निघून गेले. एकाच वर्षी दोन शहरांत दोन सिंड्रेला झाल्या आणि दोघींचा एकमेकींना पत्ता नव्हता. एका वाटेवरून पुढे मोठा उद्योग उभा राहिला. दुसरी वाट मोजक्या माणसांच्या टेबलापुरती राहिली; मात्र कथेवरचा विश्वास १९२२ साली त्या टेबलावर अधिक होता.

बर्लिनमधल्या या छोट्या चित्रपटांमुळेच रायनिगर यांना पुढची मोठी संधी मिळाली. जर्मनीत चलनफुगवटा विकोपाला जात होता. लुइस हागेन या बँकरने पैशाची किंमत टिकावी म्हणून कोऱ्या फिल्मचा मोठा साठा विकत घेऊन ठेवला होता. तो साठा त्याने रायनिगर यांना देऊ केला आणि पूर्ण लांबीचा छायापट करा असे सुचवले. पॉट्सडॅममधल्या त्याच्या घराजवळ, गॅरेजवरच्या पोटमाळ्यावर १९२३ ते १९२६ अशी तीन वर्षे काम चालले. कार्ल कोख यांच्या जोडीला वाल्टर रुटमान आणि बेर्टोल्ड बार्टोश हे प्रयोगशील कलावंत होते. ‘अरेबियन नाइट्स’मधल्या कथांवरचा ‘राजपुत्र अहमदची साहसे’ हा तो चित्रपट २ मे १९२६ रोजी बर्लिनमध्ये दाखवला गेला. आज उपलब्ध असलेल्या पूर्ण लांबीच्या ॲनिमेशनपटांत तो सर्वांत जुना आहे. त्यापूर्वी १९१७ साली अर्जेंटिनात किरिनो क्रिस्तियानी यांनी ‘एल अपोस्तोल’ हा पुठ्ठ्याच्या आकृतींचा मोठा चित्रपट केला होता, पण तो नष्ट झाला. अहमदच्या चित्रपटात काचेचे थर एकावर एक लावून खोली निर्माण करण्याची पद्धत वापरली गेली. ‘आशेनपुटेल’मधल्या पारदर्शक कागदांच्या थरांचेच ते पुढचे पाऊल होते.

नाझी सत्ता आल्यावर रायनिगर आणि कोख यांनी जर्मनी सोडण्याचा निर्णय घेतला. कायमच्या वास्तव्याचा परवाना कुठलाच देश देईना, म्हणून काही वर्षे ती दोघे मुदतीच्या परवान्यांवर इंग्लंड, फ्रान्स, इटली अशी फिरत राहिली. १९४४ साली आजारी आईसाठी रायनिगर यांना बर्लिनला परतावे लागले. १९४९ मध्ये त्या लंडनला स्थायिक झाल्या आणि हागेन यांच्याच मुलाच्या साथीने ‘प्रिमरोज प्रॉडक्शन्स’ या संस्थेत टेलिव्हिजनसाठी पुन्हा परीकथांकडे वळल्या. १९५३ ते १९५५ या काळात झालेल्या त्या मालिकेतल्या ‘शूर शिंपी’ या चित्रपटाला १९५५ साली व्हेनिसच्या महोत्सवात पारितोषिक मिळाले. १९५४ साली त्यांनी याच मालिकेत सिंड्रेलाही पुन्हा केली. आता आवाज होता, निवेदन होते, संगीत होते. कातरकामावरचा हात तर अधिकच सफाईदार झाला होता. तंत्राच्या दृष्टीने नवी सिंड्रेला सरस आहे. पण निवेदक गोष्ट सांगू लागला की आकृतींवरचा भार हलका होतो, त्यांना सगळेच देहाने बोलावे लागत नाही. १९२२ च्या चित्रपटात तो आधार नव्हता, आणि म्हणूनच त्यातल्या मान वळवण्याला, हात लांबवण्याला जास्त वजन आहे.

कार्ल कोख १९६३ साली गेले. रायनिगर यांचे निधन १९ जून १९८१ रोजी जर्मनीतल्या ट्युबिंगेनजवळच्या डेटेनहाउझेन या गावी झाले. त्यांच्या छायाकृती ट्युबिंगेनच्या नगर संग्रहालयात जतन केल्या आहेत आणि तिथे त्यांच्या कामाचे कायमस्वरूपी प्रदर्शन आहे. शंभर वर्षे उलटल्यावरही ‘आशेनपुटेल’ उपलब्ध आहे आणि मूकपटांच्या कार्यक्रमांत तो वाद्यसंगीताच्या साथीने दाखवला जातो.